पॅन : सृष्टीचा देव कीं शेळ्यांचा?

ग्रीक पुराणांशीं आपल्याकडील सुशिक्षित कुटुंबांचा जो परिचय आहे तो बहुधा ऑलिंपस पर्वताच्या शिखरापाशींच आटोपतो. झ्यूस, हीरा, अपोलो, अथीना यांचीं भांडणें व प्रेमप्रकरणें मुलांच्या पुस्तकांतूनहि येतात. डोंगरउतारावर आणि दऱ्यांत राहणारे जे देव, त्यांना मात्र शेवटल्या प्रकरणांत एकत्र कोंबण्यांत येतें, आणि त्या प्रकरणाला 'निसर्गदेवता' असें गोंडस नांव देऊन ग्रंथकार मोकळा होतो. ह्या प्रकरणांत पॅन हटकून भेटतो. बोकडाचे पाय, डोक्यावर शिंगें, हातांत वेळूचा पांवा. आणि शेजारीं अशी टीप कीं 'पॅन' ह्या शब्दाचा अर्थ 'सर्व', अर्थात् हा देव म्हणजे सर्व सृष्टीचा आत्मा. टीपेच्या शेवटीं एक सुस्काराहि ठरलेला असतो : ख्रिस्ताच्या काळीं पॅन मरण पावला, आणि तेव्हांपासून मनुष्याचें निसर्गाशीं असलेलें नातें तुटलें.

आमचें म्हणणें असें कीं, पॅन म्हणजे सर्व, पॅन म्हणजे सृष्टि आणि पॅन मेला, ह्या तीन विधानांपैकीं एकहि खरें नाहीं.

हा वाद कोशकारांचा आहे, त्यांत वाचकांना काय, असें कोणी म्हणेल. चूक एखाद्या शब्दाच्या व्युत्पत्तीपुरती असती तर आम्हीहि ती सोडून दिली असती. परंतु येथें झालें आहे तें निराळेंच. गरीब माणसाच्या खोपटांतील देव उचलून श्रीमंताच्या दिवाणखान्यांत नेऊन ठेवला, वर त्याला मोठी पदवी दिली, आणि मूळ मालकाची आठवणहि कोणास राहिली नाहीं. पदवी मोठी असल्यामुळें ही चोरी कोणाला चोरी वाटत नाहीं, इतकेंच.

पॅनचें मूळ ठाणें आर्केडिया. पेलोपोनीस द्वीपकल्पाच्या मध्यभागचा हा डोंगराळ मुलूख. त्याला समुद्रकिनारा नाहीं म्हटलें तरी चालेल. मोठें बंदर नाहीं, गव्हाजोगी जमीन थोडी, आणि हिंवाळा कडक. मेगॅलोपोलिस येथें जन्मलेला इतिहासकार पॉलिबिअस हा स्वतः आर्केडियाचा पुत्र. आपल्या देशाचें वर्णन करतांना त्यानें फुलें, झरे आणि प्रेमी युगुलें आणलेलीं नाहींत. तो सांगतो कीं येथील हवा थंड व उदास, लोकांचें जिणें कष्टाचें, आणि त्यामुळें स्वभावांत राठपणा येतो. हा राठपणा मऊ व्हावा म्हणून पूर्वजांनीं मुलांना लहानपणापासून गाण्याचें शिक्षण सक्तीचें केलें. कायनीथा गांवच्या लोकांनीं तें सोडून दिलें आणि ते क्रौर्यांत साऱ्या ग्रीसमध्यें पहिले ठरले, असा त्याचा दाखला आहे. ज्या संगीताला पुढच्या कवींनीं आर्केडियाच्या सुखाचें लक्षण मानलें, तें तेथल्या माणसानें दुःखावरचें औषध म्हणून सांगितलें आहे, हें ध्यानांत घ्यावें. ज्यांना जमीन पोसूं शकत नव्हती ते तरुण परमुलखांत भाडोत्री शिपाई होत. इ. स. पू. ४०१ मध्यें धाकट्या सायरसच्या पदरीं राहून लढलेल्या ज्या दहा हजार ग्रीकांची हकीकत झेनोफननें लिहिली, त्यांत निम्म्याहून अधिक आर्केडियन आणि अकीयन होते. घरीं राहिले ते शेळ्यामेंढ्या राखीत.

पॅन हा ह्या घरीं राहिलेल्यांचा देव. होमरच्या दोन महाकाव्यांत त्याचें नांवहि येत नाहीं. ओडिसीमधील डुकरें राखणारा यूमेअस जेवणापूर्वीं एक वांटा काढून ठेवतो तो हर्मीसला व वनदेवींना, पॅनला नाहीं. पुढें पुराणें जुळवणाऱ्यांनीं पॅनला वंशावळींत बसवावयाचें ठरविलें तेव्हां त्यांची जी तारांबळ उडाली ती मौजेची आहे. कोणी त्याला हर्मीस व ड्रायोप्सची कन्या यांचा पुत्र म्हणतो. हेरोडोटसच्या काळचे ग्रीक त्याची आई पेनेलोपी असें सांगत. घरांत आलेल्या अनोळखी पाहुण्याची ओळख करून देतांना यजमान अडखळावा तसा हा प्रकार आहे.

ह्या देवाचे भक्त कोण, हें पाहण्यास पुस्तकांची गरज नाहीं. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयांत इ. स. पू. सहाव्या शतकाच्या अखेरीची, ब्राँझची एक लहानशी मूर्ति आहे. अंगावर जाड घोंगडी, डोक्यावर टोपी. उभा आहे तो एक साधा रानचा माणूस. खालीं अक्षरें कोरलेलीं आहेत : फौलेअसनें पॅनला वाहिली. नेडा नदीकडील डोंगरांत पॅनचें एक ठाणें विसाव्या शतकाच्या आरंभीं उकरून काढण्यांत आलें, तेथेंहि अशाच घोंगडी पांघरलेल्या मूर्ति मिळाल्या. कांहींच्या हातांत जनावर आहे. ह्या मूर्ति देवाच्या नव्हेत, भक्तांच्या आहेत. 'मी येऊन गेलों, माझ्याकडे लक्ष असूं दे' एवढेंच त्यांचें म्हणणें. विश्वात्म्याशीं बोलण्याची ही रीत नव्हे. ज्याच्याकडे हिशेब मागतां येतो अशाशीं बोलण्याची ही रीत आहे. आणि हिशेब मागितलाहि जात असे. थिऑक्रिटस हा इ. स. पू. तिसऱ्या शतकांतील कवि. त्याच्या एका काव्यांत थट्टेच्या सुरांत असा उल्लेख येतो कीं शिकारीचें मांस अपुरें पडलें म्हणजे आर्केडियांतील पोरें पॅनच्या मूर्तीला रानकांद्यांनीं झोडपीत. आमच्या मतें पॅनविषयींच्या साऱ्या तत्त्वज्ञानापेक्षां ह्या एका मारांत अधिक माहिती आहे. सृष्टीच्या आत्म्याला कोणी रानकांद्यानें मारीत नाहीं. ज्याच्याकडे एक ठराविक काम सोंपविलें आहे आणि ज्यानें तें केलें नाहीं, त्याला मारतात.

आतां 'सर्व' ह्या अर्थाकडे वळूं. ग्रीक भाषेंत 'पान' म्हणजे सर्व, हें खरें; आणि ह्या साम्यावर कोटी करण्याचा मोह ग्रीकांनाहि आवरला नाहीं. होमरच्या नांवावर मोडणाऱ्या एका स्तोत्रांत अशी कथा आहे कीं दाढी व शिंगें असलेलें तें मूल पाहून दाई भिऊन पळाली. हर्मीसनें त्याला सशाच्या कातड्यांत गुंडाळून देवसभेंत नेलें, तेथें सर्वांना त्याची गंमत वाटली, म्हणून त्याचें नांव पॅन. ही कोटी आहे, आणि ती कोटी म्हणून गोड आहे. प्लेटोच्या 'क्रॅटिलस' संवादांत सॉक्रेटीस तीच कोटी अधिक लांबवितो : वाणी सर्व कांहीं सुचविते, तिचा वरचा भाग सत्य व गुळगुळीत, खालचा असत्य व बोकडासारखा राठ, म्हणून पॅन म्हणजे वाणी. तो संवाद ज्यानें सबंध वाचला असेल त्याला सॉक्रेटीस येथें किती गंभीर आहे हें सांगावयास नको. परंतु पुढचे स्टोइक पंडित फार गंभीर होते. त्यांनीं पॅनचा खालचा केंसाळ भाग म्हणजे पृथ्वी आणि वरचा भाग म्हणजे आकाश असा अर्थ लावून शेळीराख्यांच्या देवाला ब्रह्मांड करून टाकलें. आज आपल्या पुस्तकांत जी टीप येते ती ह्याच पंडितांची उष्टावळ आहे.

भाषाशास्त्रानें ही व्युत्पत्ति केव्हांच सोडून दिली. आर्केडियांतील एका प्राचीन लेखांत ह्या देवाच्या नांवाचें 'पाओन्' हें जुनें रूप सांपडतें, आणि त्याचा 'सर्व' ह्या शब्दाशीं कांहीं संबंध लागत नाहीं. राखणें, चारणें ह्या अर्थाच्या धातूशीं त्याचें नातें असावें असें पुष्कळांचें मत आहे. लॅटिनमधील मेंढपाळवाचक शब्द त्याच धातूचा, आणि आपल्या 'गोपाल' शब्दांतील 'पा' हाहि त्याचाच सोयरा. १९२४ सालीं हर्मन कोलिट्झ ह्या पंडितानें ह्याच्याहि पुढें जाऊन पॅन आणि वेदांतील पूषन् हे मूळचे एकच, असें मत मांडलें. ध्वनींच्या नियमांवरून ह्यावर अद्याप वाद चालतो आणि तें सर्वांस मान्य नाहीं. तरी ऋग्वेदांतील पूषा कसा आहे तें पाहावें. त्याचा रथ बोकड ओढतात. तो वाटा जाणतो, हरवलेलें जनावर शोधून आणतो, कळपाच्या मागें राहून त्याला राखतो. त्याचें खाणें करंभ, म्हणजे साधी पेज. इंद्रासारख्या सोमपायी वीराशेजारीं तो गरीबच दिसतो.

हें सांगण्याचें कारण असें कीं, आपल्याकडे पॅनची तुलना करावयाची वेळ आली म्हणजे हटकून श्रीकृष्णाचें नांव पुढें येतें. दोघांच्या ओंठीं पांवा, दोघेहि गुराख्यांत, तेव्हां झालें! पण पॅनचा पांवा म्हणजे मुरली नव्हे. कमीजास्त लांबीच्या वेळूच्या नळ्या मेणानें एकापुढें एक चिकटवून केलेलें तें वाद्य. त्यावर बोटें फिरत नाहींत, ओंठ फिरतात. वाद्यच जेथें निराळें, तेथें त्या वाद्यावरून देव एक करणें हें घाईचें आहे. शिवाय मुरली ऐकून गोपी धांवत येत. पॅन दिसला कीं वनदेवी पळून जात. सिरिंक्स नांवाच्या वनदेवीनें त्याला चुकविण्यासाठीं वेळूचें रूप घेतलें, ही ऑव्हिडनें सांगितलेली कथा वाचकांना ठाऊक असेल. बोकडांच्या रथांतील पूषा शेजारीं उभा असतां त्याला ओलांडून आपण वृंदावनांत जातों, तें केवळ वृंदावन अधिक रमणीय म्हणून.

पॅनच्या अंगचें जें वैशिष्ट्य निसर्गप्रेमी लोक सर्वांत आधीं विसरतात तें म्हणजे भय. थिऑक्रिटसच्याच पहिल्या काव्यांत एक शेळीराखा भर दुपारीं पांवा वाजवावयाचें साफ नाकारतो. शिकारीहून थकलेला पॅन ह्या वेळीं निजलेला असतो, तो तापट आहे, त्याच्या नाकपुडीवर राग बसलेला असतो, असें तो सांगतो. आपल्याकडे खेड्यांतील माणूस 'भर बाराच्या ठोक्याला तिकडे जाऊं नको' असें ज्या सुरांत सांगतो तोच हा सूर. युरोपच्या भाषांत अकारण भयाला जो शब्द रूढ आहे तो ह्या देवाच्याच नांवावरून आला. इ. स. पू. चौथ्या शतकांत वेढ्याच्या युद्धावर ग्रंथ लिहिणारा ईनिअस सांगतो कीं छावणींत एकाएकीं उडणाऱ्या घबराटीचा हा शब्द मूळ पेलोपोनीसमधला, विशेषतः आर्केडियांतला. इ. स. पू. २७९ मध्यें डेल्फीवर चालून आलेले गॉल लोक रात्रीं असेच घाबरले आणि अंधारांत एकमेकांना शत्रु समजून कापीत सुटले, असें पॉसेनिअसनें लिहिलें आहे. विनाकारण येणारें भय पॅनकडून येतें, अशी समजूतहि तो तेथेंच नोंदवितो. आम्हांस वाटतें कीं ही कल्पना मेंढवाड्यांत जन्मलेली आहे. शांत चरत असलेला कळप कारण नसतां एकदम उधळतो, आणि एक मेंढरूं कड्यावरून गेलें म्हणजे बाकीचीं मागोमाग जातात. हें ज्यानें पाहिलें आहे आणि ज्याचें त्यांत सर्वस्व गेलें आहे, त्यालाच अशा भयाला एक देव असावा असें सुचेल. सहलीला गेलेल्या माणसाला तें सुचणार नाहीं. त्याला शांति सुचते.

आर्केडियाचा देव अथेन्सला कसा आला, ही कथा हेरोडोटसनें दिली आहे. इ. स. पू. ४९० मध्यें इराणी सैन्य मॅरॅथॉनला उतरलें तेव्हां अथेन्सनें फिलिपिडीस नांवाच्या जासुदास स्पार्टाकडे मदतीसाठीं धाडिलें. टेजीआच्या वर पार्थेनिअन डोंगरांत पॅननें त्याला नांव घेऊन हांक मारली आणि विचारलें कीं, मी अथेन्सवासीयांचें बरें चिंतितों, पूर्वीं अनेकदां त्यांच्या उपयोगीं पडलों, पुढेंहि पडेन. मग ते माझी दखल कां घेत नाहींत? युद्ध आटोपल्यावर अथेन्सनें अक्रॉपोलिसच्या खालीं त्याला जागा दिली, दरसाल बळि आणि मशालींची शर्यत सुरू केली. ही कथा शौर्याची म्हणून शाळांतून शिकवितात. आम्ही ती तक्रारीची कथा म्हणून वाचतों. डोंगरांतला देव शहराला विचारतो आहे कीं तुम्हीं मला आजवर पाहिलें कां नाहीं; आणि शहराला तो दिसला केव्हां, तर शत्रु दारांत आल्यावर.

दखल घेतली ती कशी, हेंहि पाहण्याजोगें आहे. आर्केडियांत पॅनला देवळें होतीं, इतर देवांसारखीं. अथेन्सनें त्याला गुहा दिली. फिलिप बोर्गो ह्या स्विस विद्वानानें १९७९ सालच्या आपल्या ग्रंथांत ह्या फरकावर बोट ठेवलें आहे, आणि आमच्या दृष्टीनें साऱ्या प्रकरणाची किल्ली येथें आहे. शहरी माणसाच्या मनांत आर्केडियन म्हणजे रानटी, तेव्हां त्याचा देवहि गुहेंतच शोभणार! त्यानंतर अ‍ॅटिकांत गुहेमागून गुहा पॅनला व वनदेवींना वाहिल्या गेल्या. 'सृष्टिदेव' पॅनची घडण स्टोइकांनीं पुरी केली खरी, पण तिचा पाया मॅरॅथॉनच्या विजयाबरोबर घातला गेला.

ह्या गुहांतील पूजेचें चित्र मिनँडरच्या 'डिस्कोलॉस' नाटकांत आहे. इ. स. पू. ३१६ मध्यें प्रथम झालेलें हें नाटक विसाव्या शतकाच्या मध्यावर एका पपायरसवरून जवळजवळ सबंध हातीं आलें. पार्नेस डोंगरांतील फायली येथील गुहेबाहेर तें घडतें, आणि प्रस्तावना खुद्द पॅन करतो. शहरांतील एक श्रीमंत बाई स्वप्न पडलें म्हणून लवाजमा घेऊन यज्ञाला येते. बरोबर स्वयंपाकी, मेंढी, गाद्या, दारूचीं भांडीं. ह्या देवाजवळ गुपचूप जाऊं नये, गलका करीत जावें, असाहि एक संकेत त्यांत येतो. शेजारीं खडकाळ शेतांत राबणारा म्हातारा नेमॉन हें सारें पाहून चरफडतो : हे लोक देवासाठीं येत नाहींत, स्वतःसाठीं येतात, शेपटीचें टोक आणि पित्ताशय, जें खातां येत नाहीं तें देवाला, बाकीचें ह्यांच्या पोटांत. नाटककारानें ह्या म्हाताऱ्याला माणूसघाणा म्हणून हास्यास्पद केलें आहे. आम्हांला तो ह्या बाबतींत तरी अगदीं बरोबर वाटतो. डेल्फीच्या वरच्या कोरिकिअन गुहेंत, जी पॅन व वनदेवी यांचीच, १९७० च्या सुमारास फ्रेंच संशोधकांना मेंढ्याबकऱ्यांच्या घोट्यांचीं वीस हजारांहून अधिक हाडें मिळालीं. तीं यज्ञाचीं उरलेलीं नव्हेत. खेळण्यांतलीं फांशांसारखीं हाडें लोकांनीं देवाला आणून वाहिलीं. ह्या देवाजवळ लोक एकंदरींत काय घेऊन येत, ह्याचा हा हिशेब आहे : फांसे आणि घोंगडीवाल्याचें चित्र.

राहिलें पॅनचें मरण. मूळ कथा प्लूटार्कनें दिली आहे. सम्राट टायबेरिअसच्या राज्यांत, म्हणजे इ. स. १४ ते ३७ ह्या काळांत, इटलीकडे जाणारें एक जहाज संध्याकाळीं वारा पडल्यामुळें पॅक्सी बेटाजवळ वाहत आलें. बेटावरून थामस ह्या नांवानें तीनदां हांक आली. जहाजाचा सुकाणूवाला थामस इजिप्तचा होता. त्यानें तिसऱ्यांदा ओ दिली तेव्हां आवाजानें सांगितलें कीं, पॅलोडीसजवळ पोंचलास म्हणजे थोर पॅन मेला असें पुकार. त्यानें तसें पुकारलें, आणि किनाऱ्यावरून अनेकांचा आक्रोश ऐकूं आला. प्लूटार्कच्या संवादांत ही गोष्ट सांगितली जाते ती देवांहून कनिष्ठ अशीं भुतें मर्त्य असतात कीं काय, ह्या चर्चेंत एक उदाहरण म्हणून. चौथ्या शतकांतील ख्रिस्ती धर्मगुरु युसेबिअस यानें तारखेचा मेळ पाहिला आणि ख्रिस्तानें भुतांचा नायनाट केल्याचा हा शत्रुपक्षाकडील कबुलीजबाब, असा अर्थ केला. तेथून ही गोष्ट कवींच्या हातीं गेली; एलिझाबेथ बॅरेट ब्राउनिंग हिची १८४४ मधील कविता हें त्याचें प्रसिद्ध उदाहरण.

सालोमन रायनाक ह्या फ्रेंच पंडितानें विसाव्या शतकाच्या आरंभीं एक साधा खुलासा सुचविला. थामस हें सुकाणूवाल्याचें नांव, तसेंच तें सीरियांतील तम्मूझ ह्या देवाचेंहि नांव. त्याच्या वार्षिक शोकोत्सवांत भक्त त्याला हांका मारून 'सर्वथोर थामस मेला' असा आक्रोश करीत. समुद्रावरून ऐकणारांनीं 'सर्वथोर' ह्या ग्रीक शब्दांत पॅनचें नांव ऐकलें. हा खुलासा तर्कच आहे, पण चतुर आहे. आमचा मुद्दा मात्र त्यावर अवलंबून नाहीं. टायबेरिअसनंतर शंभराहून अधिक वर्षांनीं पॉसेनिअस आर्केडियांत पायीं हिंडला, आणि त्याला पॅन मेल्याचें कोणीहि सांगितलें नाहीं. लायकोसूरा येथें पॅनपाशीं कधीं न विझणारा अग्नि जळत होता. मीनॅलस डोंगराजवळचे लोक पॅनचा पांवा ऐकूं येतो असें म्हणत होते. टेजीआच्या वाटेवर त्याचा ओक वृक्ष होता. म्हणजे समुद्रावर, साम्राज्याच्या वाहतुकीच्या मार्गावर, पॅन मेल्याची बातमी पसरली. त्याच्या गांवीं ती पोंचलीच नाहीं. ज्यांचा देव त्यांना न विचारतां त्याचा मृत्यूचा दाखला लिहिला गेला, आणि अठराशें वर्षें विद्वान् व कवि त्यावर अश्रु ढाळीत आले!

आर्केडियाचें नंदनवन करण्याचें श्रेय मुख्यतः व्हर्जिलचें. त्यापुढची परंपरा लांबलचक आहे आणि तिच्यांत शिरण्याचें येथें कारण नाहीं. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत व पुढें इंग्लंडमध्यें तर पॅनचें पीकच आलें. आर्थर मॅकेनच्या १८९४ मधील कथेंत तो भयंकर, केनेथ ग्रॅहमच्या १९०८ मधील 'द विंड इन द विलोज' ह्या पुस्तकांत तो वत्सल. ग्रॅहमचें तें प्रकरण सुंदर आहे हें आम्ही मोकळेपणानें मान्य करतों. त्यांत पॅन करतो काय, तर हरवलेलें पाणमांजराचें पिल्लूं सांभाळून परत देतो. हें काम पूषाचें, आणि राखणदाराचें. लंडनच्या बँकेंत चिटणीस असलेल्या ह्या गृहस्थाच्या हातून नकळत देव आपल्या मूळ धंद्यावर परत आला. बाकीच्यांच्या हातून तेंहि झालें नाहीं.

आमच्यावर एक आक्षेप येईल, आणि तो लहान नाहीं. देव बदलतात, स्टोइकांचा पॅन हाहि ग्रीकांचाच पॅन, मूळ अर्थ तेवढा खरा आणि पुढचा खोटा, हें कोणीं ठरविलें? आम्ही पुढचा अर्थ खोटा म्हणत नाहीं. तो ज्यांचा आहे त्यांच्या नांवावर लिहावा, एवढेंच म्हणतों. 'स्टोइक पंडितांनीं पॅनला सृष्टि मानलें' हें वाक्य बरोबर आहे. 'पॅन हा सृष्टीचा देव' हें वाक्य चूक आहे, कारण त्यांत फौलेअसला वगळलें आहे. आणि ह्या वगळण्याला परिणाम आहे. देव सृष्टीचा झाला कीं त्याचा राखण्या सृष्टीच्या चित्रांतील एक ठिपका होतो. त्याचा कळप, त्याची भूक, त्याचा धाक, सारें देखावा बनतें. शेळी ही जंगलाची वैरीण, असें निसर्गरक्षक सांगतात आणि तिला रानाबाहेर काढण्याचे नियम करतात; आणि तेच लोक शेळीच्या पायांच्या देवाला निसर्गाचें प्रतीक म्हणून मिरवितात. ह्यांतील विसंगति त्यांच्या लक्षांत येत नाहीं, कारण त्यांच्या पॅनजवळ शेळी उरलेलीच नाहीं. नुसते पाय उरले आहेत.

असा देव समजून घ्यावयाचा तर कसा, ह्याचा एक नमुना आपल्याच मुलखावर लिहिला गेला आहे. ग्युंथर सोंथायमर ह्या जर्मन विद्वानानें बिरोबा, म्हस्कोबा व खंडोबा यांवरील आपला ग्रंथ १९७६ सालीं प्रसिद्ध केला. त्यानें धनगरांच्या ओव्या धनगरांकडूनच ऐकल्या. देव कोठें बसतो हें सांगतांना तेथें पाऊस किती, चराई कोणती, कळप कोणत्या वाटेनें येतो, हें तो आधीं पाहतो. पॅनचे भक्त जाऊन फार काळ लोटला, त्यांच्या ओव्या कोणी उतरून घेतल्या नाहींत. पण डोंगर आहेत, ठाणीं आहेत, वाहिलेल्या मूर्ति आहेत. तेवढ्यावरूनहि पुष्कळ कळतें, आणि बोर्गोसारख्यांनीं तें काढलेंहि आहे. आपल्या भाषेंतील पुस्तकें मात्र अजून स्टोइकांच्या टीपेवर चालतात.

म्हणून ह्यापुढें जे कोणी ग्रीक पुराणांचें मराठी पुस्तक लिहितील त्यांस आमची विनंति आहे कीं, 'निसर्गदेवता' हें प्रकरण काढून टाकावें आणि पॅनच्या नांवापुढें असें कांहीं लिहावें : आर्केडियांतील शेळ्यामेंढ्या राखणारांचा व शिकाऱ्यांचा देव, कळप वाढवितो, उधळवितो, दुपारीं निजतो, काम न केल्यास मार खातो. जागा उरल्यास पार्थेनिअन डोंगरावरील कांसवांची हकीकतहि घालावी. त्या डोंगरावर, जेथें फिलिपिडीसला हांक आली म्हणतात तेथेंच, वीणा करण्यास उत्तम अशीं कांसवें होतीं. परंतु तीं पॅनचीं, म्हणून डोंगरचे लोक त्यांना हात लावावयास भीत, आणि परक्यालाहि लावूं देत नसत. ही गोष्ट पॉसेनिअसनें, पॅन मेल्यानंतर शंभर वर्षांनीं, लिहून ठेविली आहे.